एवढं अंग असून थंडी वाजते?

आमच्या ऑफिसातला एसी २२ वर असतो. कायम. रिमोट ॲडमिनच्या ड्रॉवरमध्ये असतो आणि ॲडमिन सहा वाजता घरी जातो. माझी शिफ्ट दुपारी चार ते रात्री एक, कारण क्लायंट अमेरिकेत. म्हणजे सहानंतरचे सात तास त्या आकड्याला कोणी हात लावू शकत नाही.

२०२३ च्या डिसेंबरात मी ऑफिसात आधी स्टोल, मग स्वेटर आणि शेवटी स्वेटरवरून आईची शाल घेऊन बसायला लागले. एक दिवस मीटिंग सुरू व्हायच्या आधी टीममधला एक सीनियर म्हणाला, "एवढं अंग असून तुला थंडी कशी वाजते गं?"

सगळे हसले. मीही हसले. माझी उंची पाच फूट तीन इंच आणि वजन तेव्हा ९४ किलो. या मापाच्या मुलीला शाळेपासूनच एक कला येत असते: आपल्यावरच्या विनोदाला सगळ्यांच्या आधी हसायचं. मग तो विनोद आपल्यावर नाही, आपणच त्यात सामील आहोत असं दिसतं.

त्याच आठवड्यात टीमच्या चॅटवर एक जिफ आलं. राखाडी, बटाट्यासारखा एक भलामोठा प्राणी पाण्यात हळूच गिरकी घेतोय. खाली लिहिलेलं, 'शुक्रवार संध्याकाळ'. नाव कोणाचंच नव्हतं. पण चार जणांनी हसायच्या इमोजी टाकल्या आणि समोरच्या डेस्कवरच्या मुलीने माझ्याकडे बघून पटकन मान वळवली. मीही इमोजी टाकली. मग रात्री कॅबमध्ये बसल्यावर तो प्राणी कोणता ते शोधलं. उद्देश काही थोर नव्हता. मला फक्त सोमवारी मारायला एक उलट टोला हवा होता.

प्राण्याचं नाव मॅनाटी. मराठीत समुद्रगाय म्हणता येईल, कारण ती पाण्यात राहते आणि गवत खाते. हिच्या तीन जाती आहेत. एक ॲमेझॉन नदीत, एक आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्याला आणि एक फ्लोरिडापासून कॅरिबियन समुद्र आणि दक्षिण अमेरिकेच्या किनाऱ्यापर्यंत. जिफमधली फ्लोरिडातली होती. मोठी झालेली मॅनाटी साधारण तीन मीटर लांब आणि चारशे ते साडेपाचशे किलो वजनाची, म्हणजे जुन्या मारुती ८०० पेक्षा थोडी हलकी. काही तर हजार किलोच्याही पुढे जातात. नुकतं जन्मलेलं पिल्लूच तीसेक किलोचं असतं. जवळचे नातेवाईक कोण? गाय नाही, डॉल्फिन नाही, देवमासा नाही. हत्ती. फ्लोरिडातल्या मॅनाटीच्या वल्ह्यांसारख्या पुढच्या पायांवर आजही हत्तीसारखी नखं असतात.

हत्ती हे माझं शाळेतलं नाव. म्हटलं, वा, घरचीच निघाली.

टोला काही सापडला नाही. पण वाचता वाचता एक वाक्य आलं आणि मी कॅबमध्ये सरळ होऊन बसले. पाणी साधारण २० अंशांच्या खाली गेलं आणि तसंच राहिलं, तर मॅनाटी थंडीने आजारी पडते आणि मरूही शकते.

वीस अंश. पुण्यात डिसेंबरात लोक वीस अंशांना 'छान हवा पडलीये' म्हणतात. आणि ही पाचशे किलोची बाई वीस अंशांत मरते. मला अगदी त्या सीनियरच्या आवाजात ऐकू आलं, एवढं अंग असून?

त्याचं उत्तर शोधायला मला पुढचे तीन आठवडे लागले.

पहिलं उत्तर असं, की ते अंग चरबीचं नसतंच. आपण गोल प्राणी बघितला की चरबी धरून चालतो. सील किंवा देवमाशाच्या बाबतीत ते बरोबरही आहे. त्यांच्या कातडीखाली चरबीचा जाड थर असतो आणि त्यामुळे ते बर्फाळ पाण्यातही मजेत राहतात. मॅनाटीकडे तसा थर नाही. थोडीफार चरबी असते, पण रजई म्हणून ती अगदीच कुचकामी.

मग एवढी गोल का? पोटामुळे. ती दिवसाचे सहा-आठ तास पाण्यातलं गवत खाते, वजनाच्या चार ते नऊ टक्के. पाचशे किलोची मॅनाटी कमीत कमी वीस किलो गवत खाते म्हणा. गवतात दम कमी आणि ते पचायला अवघड. गाय त्यासाठी चार कप्प्यांचं पोट वापरते. मॅनाटी हे काम आतड्यांत करते, घोड्या-हत्तीसारखं. तिचं आतडं ताणून मोजलं तर चाळीस मीटरच्याही पुढे जातं. खाल्लेलं गवत त्यातून बाहेर पडायला आठवडाभर लागतो. तेवढा वेळ तिथले जिवाणू ते कुजवत बसतात. म्हणजे ते भलंमोठं अंग म्हणजे साठवलेली चैन नाही. तो एक कारखाना आहे, चोवीस तास चालू.

कारखाना म्हटला की वायू आला. गवत कुजताना आतड्यात वायू होतो आणि तो मॅनाटीला पाण्यात वर ढकलतो. खाली जायचं असेल तर तो सोडायचा. हो, म्हणजे तेच. बद्धकोष्ठ झालेली मॅनाटी बुडूच शकत नाही, तिरकी होऊन तरंगत राहते. हे वाचून मी कॅबमध्ये एवढ्या जोरात हसले की ड्रायव्हरदादांनी आरशात बघितलं.

तरंगण्याच्या दुसऱ्या बाजूला वजन हवं. ते हाडांत आहे. तिच्या बरगड्या भरीव असतात, आत मगजाची पोकळी नाही, जणू दगडच. फुप्फुसं आपल्यासारखी छातीत उभी नसून पाठीच्या कण्याला समांतर, लांबच्या लांब आडवी पसरलेली असतात. वर आडवा हवेचा फुगा, खाली जड हाडं, मध्ये गवताचा कारखाना. सगळा हिशेब असा बसलेला, की कल्ला न करता ती पाण्यात हव्या त्या खोलीवर आडवी तरंगू शकते. ते जिफ मी परत बघितलं. ती गिरकी म्हणजे आळस नव्हता, तो तोल होता.

आणि दात. यावर तर मी फिदाच झाले. पाण्यातल्या गवतासोबत वाळू येते आणि वाळूने दात झिजतात. मॅनाटीचे दात जबड्यात मागे तयार होतात आणि महिन्याला मिलिमीटरभर या वेगाने पुढे सरकतात. पुढचा झिजलेला दात गळून पडतो, मागचा नवा त्याच्या जागी येतो, आयुष्यभर. आमच्या भाषेत याला रोलिंग डिप्लॉयमेंट म्हणतात. सर्व्हर एकेक करून बदलायचे, पण सिस्टिम एक सेकंदही बंद पडू द्यायची नाही. आम्हाला त्यासाठी रात्री दोनला कॉलवर बसावं लागतं.

दुसरं उत्तर तिच्या चयापचयात आहे. गवतातून मिळणारी ऊर्जा थोडी, म्हणून खर्चही थोडा. त्या वजनाच्या दुसऱ्या सस्तन प्राण्याने विश्रांतीत जेवढी ऊर्जा जाळावी असा अंदाज असतो, त्याच्या निम्म्याहूनही कमी ती जाळते. आच मंद, त्यामुळे ऊब कमी. शिवाय पाणी हवेपेक्षा कितीतरी भराभर अंगातली उष्णता ओढून घेतं. तिच्याकडे थंडीशी लढायला खरं तर एकच गोष्ट आहे, तिचा आकार. वस्तू जेवढी मोठी, तेवढी तिच्या वजनाच्या मानाने कातडी कमी, म्हणून ती सावकाश थंड होते. कपातला चहा निवतो आणि पातेल्यातला गरम राहतो, तसं. म्हणून थंडीची लाट आली की नुकतीच आईपासून सुटी झालेली छोटी पिल्लं आधी मरतात. तिचं मोठं असणं ही हौस नाही, ती तिची शाल आहे. आणि तीही पुरत नाही.

मग ती हिवाळ्यात करते काय, तर ऊब शोधत जाते. फ्लोरिडात सेंट जॉन्स नावाची नदी आहे. तिच्या काठाला ब्लू स्प्रिंग नावाचा झरा लागतो. झऱ्याचं पाणी जमिनीच्या पोटातून येतं, त्यामुळे बारा महिने तेवढंच कोमट. आमच्या गावी विहिरीचं पाणी थंडीत पहाटे वाफाळतं, तसंच. नदी गारठली की शेकडो मॅनाटी या झऱ्यात येऊन दाटीवाटीने पडून राहतात. तिथे पाण्याच्या वर आणि पाण्याखाली कॅमेरे लावलेत आणि ते कोणालाही फुकट बघता येतात.

झऱ्याचं तापमान वाचलं आणि मी एसीकडे बघितलं. सुमारे २२ अंश. ज्या आकड्यात मी कुडकुडत होते, तो आकडा गाठायला त्या मैलोन्मैल पोहत येत होत्या.

तेव्हापासून माझ्या दुसऱ्या मॉनिटरच्या कोपऱ्यात तो झरा सुरू असायचा. हिवाळ्यात आपण त्यांच्या साडेदहा तास पुढे असतो. आपल्याकडे संध्याकाळचे सहा वाजायच्या सुमारास तिथे उजाडतं. ऑफिस रिकामं व्हायचं आणि पडद्यावर निळसर-हिरव्या पाण्यात राखाडी पाठी दिसायला लागायच्या. दर थोड्या मिनिटांनी एखादं नाक वर यायचं, फुस्स करून श्वास घ्यायचं आणि परत खाली जायचं. एका श्वासात ती फुप्फुसातली जवळजवळ नव्वद टक्के हवा बदलते. आपण साध्या श्वासात दहा-पंधरा टक्केच बदलतो. त्या जानेवारीत एका सकाळी तिथे ९३२ मॅनाटी मोजल्या गेल्या, तोवरचा त्या झऱ्याचा विक्रम.

आईला व्हिडिओ कॉलवर एकदा दाखवलं. आईचं माहेर कराडजवळचं, घरी कायम दुभती जनावरं. तिने दोन मिनिटं बघितलं आणि म्हणाली, "अगं, या तर म्हशी. ओढ्यात बसल्यावर अशाच फक्त नाकपुड्या बाहेर." मग मी तिला ते वीस अंशांचं सांगितलं. ती जरा वेळ गप्प बसली. म्हणाली, "म्हशीला ऊन सोसत नाही, म्हणून ती पाण्यात बसते. हिला गारठा सोसत नाही. अंग मोठं आहे म्हणून सगळंच सोसतं असं थोडंच असतंय?"

मला जे शोधायला तीन आठवडे लागले, ते तिने दोन मिनिटांत सांगितलं.

आता इथे मला स्नूटीबद्दल सांगायला हवं.

स्नूटी हा मॅनाटी २१ जुलै १९४८ रोजी मायामीत जन्मला, माणसांच्या ताब्यात. दुसऱ्या वर्षी त्याला ब्रॅडेंटन नावाच्या गावातल्या संग्रहालयात आणलं आणि पुढचं सगळं आयुष्य तो तिथेच, टाकीत राहिला. ताब्यात असलेला जगातला सर्वांत वयस्क मॅनाटी म्हणून गिनीज बुकात त्याचं नाव गेलं. शाळेच्या सहलीला येऊन त्याला बघितलेली मुलं पुढे आपली नातवंडं घेऊन आली. २२ जुलै २०१७ ला त्याचा एकोणसत्तरावा वाढदिवस गर्दीने साजरा केला. दुसऱ्या दिवशी तो मेलेला सापडला.

टाकीच्या पाण्याखाली पाइपांकडे जायला एक झाकण होतं, एरवी स्क्रूने घट्ट बसवलेलं. ते सुटलं होतं. टाकीत आणखी तीन मॅनाटी होत्या, वयाने आणि आकाराने लहान. त्या त्या भोकातून आत जाऊन बाहेर येऊ शकत होत्या. स्नूटी जवळपास सहाशे किलोचा. तो आत गेला, पण त्याला वळता आलं नाही. श्वास घ्यायला वर येता आलं नाही. एकोणसत्तर वर्षं पाण्यात राहिलेला प्राणी पाण्यात बुडून मेला. नंतर संग्रहालयाने स्वतःच चौकशी करून जाहीर केलं, की झाकण हललंय आणि त्याचे काही स्क्रू नाहीत हे आठवडाभर आधी कर्मचाऱ्यांच्या लक्षात आलेलं होतं.

हे मी ऑफिसात रात्री बाराला वाचलं. मला कर्मचाऱ्यांचा रागही येईना. कारण मी ते रोज करते. आमच्याकडे त्याला 'नोन इश्यू' म्हणतात. बग दिसलेला असतो, टिकेट काढलेलं असतं, प्रायॉरिटी 'लो' असते. सिस्टिम चालू आहे ना, मग पुढच्या स्प्रिंटला बघू. सिस्टिम चालू असते, चालू असते, आणि मग एका रविवारी नसते.

शाल ओढून घेताना मला माझे स्क्रू दिसले. थंडी वाजते, दोन वर्षं. केस मूठभर गळतात. सकाळी उठल्यावरही झोप राहिलेली असते. पोट साफ होत नाही. पायऱ्या चढताना पाय शिशाचे वाटतात. मंद चयापचय, थंडी, बद्धकोष्ठ. त्या मॅनाटीवरच्या माहितीला मी कॅबमध्ये हसले होते. ती यादी माझीसुद्धा होती.

मी डॉक्टरकडे गेले नव्हते असं नाही. वर्षभरापूर्वी गेले होते. सतत थकवा येतो म्हटलं. त्यांनी मान वर करून एकदा माझ्याकडे बघितलं आणि म्हणाले, वजन कमी करा, भात-साखर बंद, रोज पाऊण तास चाला. रक्त तपासायला सांगितलं नाही. मीही विचारलं नाही. कारण मलाही तेच वाटत होतं. नऊ तास बसून काम करणारी जाडी मुलगी थकणार नाही तर काय होणार? माझ्या शरीराबद्दलच्या प्रत्येक प्रश्नाचं उत्तर मला शाळेपासून एकच माहीत होतं. आणि ते उत्तर तयार असलं की कोणी प्रश्न पुढे वाचतच नाही, आपणसुद्धा नाही.

त्या रात्री ॲपवरून रक्ततपासणी बुक केली. टीएसएच पन्नासच्या घरात आला. तो साधारण चार-पाचच्या आत असायला हवा. थायरॉइड ही गळ्यातली ग्रंथी शरीराची आच ठरवते. ती पुरेसं काम करेनाशी झाली की मेंदूच्या तळाशी असलेली पिच्युटरी ग्रंथी तिला टीएसएच पाठवून हाका मारते. काम होत नाही, ती आणखी मोठ्याने हाक मारते. आमच्या भाषेत, रिक्वेस्ट जातेय, रिस्पॉन्स येत नाही, रिट्रायचा आकडा वाढत चाललाय. माझा रिट्राय पन्नासवर पोहोचला होता आणि अलार्म कोणी बघितलाच नव्हता.

नव्या डॉक्टरबाईंनी गोळी लिहून दिली, रोज सकाळी उपाशीपोटी. आणि पहिला प्रश्न विचारला, "थंडी वाजते का?" मला रडूच आलं. दोन वर्षांत हा प्रश्न मला पहिल्यांदा प्रश्न म्हणून विचारला गेला होता.

इथे तुलना तुटते, आणि ती तुटायलाच हवी. मॅनाटीचं मंद असणं आजार नाही. कोट्यवधी वर्षांत गवतावर जगायला जमवलेला तो तिचा बेत आहे. माझं मंद असणं आजार होता. ती बिघडलेली नाही, मी बिघडले होते. आम्हा दोघींत सारखी एकच गोष्ट होती, बाहेरून बघणारा दोघींनाही बघून एकाच चुकीच्या निष्कर्षावर येत होता.

दीड-दोन महिन्यांत थंडी गेली. केस गळणं थांबलं. मार्चमध्ये शाल आईला परत दिली. वजन चार किलोने उतरलं आणि तिथेच थांबलं. डॉक्टर म्हणाल्या, थायरॉइडमुळे वाढलेलं बहुधा एवढंच, बाकीचं तुमचं. म्हणजे मी नव्वद किलोची आहे. गोष्टीच्या शेवटी नायिका बारीक होते, तशी ही गोष्ट नाही.

पण मी झरा बघणं सोडलं नाही, आणि वाचणंही.

मॅनाटीचा मेंदू जेमतेम तीन-चारशे ग्रॅमचा आणि जवळजवळ गुळगुळीत असतो, आपल्यासारख्या वळ्या नाहीत. शरीराच्या मानाने एवढा छोटा मेंदू, म्हणून तिला बराच काळ मठ्ठ समजलं गेलं. रॉजर रीप या मज्जासंस्थेच्या अभ्यासकाने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी वेगळी बाजू मांडली. अपूर्णांकात वरचा आकडा लहान असेल तर उत्तर लहान येतं, पण खालचा मोठा असेल तरी लहानच येतं. मेंदू लहान राहिला असं नाही, गवत पचवायला अंग मोठं झालं. मॅनाटीला शिकवलं तर ती शिकते, आणि शिकलेलं लक्षातही ठेवते.

आणि कातडी. मला लहानपणी सगळ्यांनी सल्ला दिला होता, लोक बोलणारच, आपण गेंड्याची कातडी ठेवायची. मॅनाटीची कातडी खरोखर जाड असते. पण त्या कातडीवर अंगभर विरळ केस असतात, आणि तो एकेक केस मांजरीच्या मिशीसारखा स्पर्श ओळखणारा असतो. बहुतेक सस्तन प्राण्यांत अशा मिशा तोंडापाशीच असतात, हिच्या सगळ्या अंगावर. गढूळ पाण्यात डोळे उपयोगाचे नाहीत, तर ती अंगाने पाणी वाचते. प्रशिक्षण दिलेल्या मॅनाटींवर केलेल्या प्रयोगांत त्यांनी पाण्याची एका मायक्रॉनपेक्षाही कमी हालचाल ओळखली. आपला केसच मुळात पन्नास-शंभर मायक्रॉन जाड असतो. एवढी जाड कातडी, आणि तिला सगळं कळतं.

समोरच्या डेस्कवरच्या मुलीने त्या दिवशी मान वळवली, ते अर्ध्या सेकंदाचं होतं. मला आजही आठवतं.

शेवटचा गैरसमज सर्वांत महागात पडलेला आहे. मोठं अंग म्हणजे मोठा साठा. माझ्या बाबतीत तो नवरात्रात ऐकू येतो: "तुला काय गं, तुला उपास सोपा." मीही त्यावर विश्वास ठेवून कित्येकदा रात्रीचा डबा न उघडता परत नेलाय. आपल्याकडे आहे की साठा, म्हटलं.

२०२१ साली फ्लोरिडात अकराशेहून जास्त मॅनाटी मेल्या. त्यातल्या कितीतरी उपासमारीने. पूर्व किनाऱ्यावर इंडियन रिव्हर लगून नावाची लांबलचक खाडी आहे. हिरवळींवर टाकलेलं खत, सांडपाणी, सेप्टिक टाक्या, सगळ्यांतला नायट्रोजन आणि फॉस्फरस वर्षानुवर्षं तिच्यात झिरपत होता. त्यावर शेवाळं पोसलं. २०११ पासून त्याचे एवढे दाट थर यायला लागले की तळापर्यंत ऊन पोहोचेना, आणि तळाचं गवत हजारो एकरांवर मेलं. हिवाळ्यात मॅनाटींपुढे दोनच पर्याय उरले. एका वीज प्रकल्पातून सोडलेल्या कोमट पाण्यात थांबायचं, जिथे आसपास गवत नाही. किंवा गवत शोधायला थंड पाण्यात दूर जायचं. भूक किंवा थंडी. पुष्कळ जणी उबेत थांबल्या आणि उपाशी मेल्या.

मी तेव्हाचे फोटो बघितले. उपासमार झालेल्या मॅनाटीच्या डोक्यामागे खळगा पडतो, डोकं शेंगदाण्याच्या टरफलासारखं दिसतं. पोट आत जातं, कातडी दुमडते. तरीही ती तीनशे-चारशे किलोची असते. न ओळखणाऱ्याला ती अजून जाडच दिसते. पुढच्या दोन हिवाळ्यांत सरकारी यंत्रणेने तिथे लेट्यूसची पानं टाकून त्यांना खाऊ घातलं, पहिल्याच हिवाळ्यात नव्वद टनांहून जास्त. जंगली प्राण्याला खायला घालू नये हा तिथला कायदा, तो स्वतःच बाजूला ठेवावा लागला.

या कुळात आधी एकदा असं झालेलं आहे. १७४१ साली जॉर्ज स्टेलर या निसर्ग-अभ्यासकाचं जहाज बेरिंग समुद्रातल्या एका बेटावर फुटलं. तिथे त्याला मॅनाटीची थंड पाण्यातली चुलत बहीण दिसली, आठ मीटर लांब, आणि हिच्या कातडीखाली मात्र खरोखर चरबीचा जाड थर होता. थंडीने तिचं काही बिघडवलं नाही. ते मांस आणि चरबी शिकारी जहाजांना मात्र फार सोयीची वाटली. १७६८ पर्यंत एकही उरली नाही. सापडल्यापासून सत्तावीस वर्षांत. मी अठ्ठावीस वर्षांची आहे.

आपल्याकडेही या कुळातली एक आहे, डुगाँग. कच्छचं आखात, अंदमान, आणि तमिळनाडूच्या किनाऱ्याला पाल्कची सामुद्रधुनी आणि मन्नारचं आखात इथे ती गवत खात फिरते. तमिळनाडूने २०२२ साली पाल्कच्या उपसागरात ४४८ चौरस किलोमीटरचं डुगाँग संवर्धन क्षेत्र जाहीर केलं, देशातलं पहिलं. तिला वाचवायचं म्हणजे तिचं गवत वाचवायचं. मोठ्या प्राण्याला मुळात काय लागतं, तर जेवायला.

तो सीनियर अजून आमच्याच टीममध्ये आहे. मी त्याला कधी टोला मारला नाही. या हिवाळ्यात एकदा त्याने माझ्या मॉनिटरकडे बघून विचारलं, "हे तेच ना, ते जाडे?" मी म्हटलं, "जाडे नाहीत, त्यांच्या अंगावर चरबी फार नसते. म्हणून त्यांना थंडी वाजते." तो "काहीही!" म्हणाला आणि खुर्ची ओढून बसला. पंधरा मिनिटं बसला. बद्धकोष्ठाचं ऐकून जोरात हसला. जाताना विचारलं, "मग तुला का वाजायची?" मी सांगितलं. तो काही बोलला नाही. दुसऱ्या दिवशी त्याने बायकोची तपासणी करून घ्यायला लॅबचं नाव विचारलं.

ब्लू स्प्रिंगमध्ये ऊब आहे, पण गवत जवळजवळ नाही. तिथला एक माणूस सकाळी छोट्या होडीतून फिरत हजेरी घेतो. मॅनाटींना तो आकारावरून ओळखत नाही, पाठीवरच्या व्रणांवरून ओळखतो. बोटींच्या पंख्यांनी कापलेले ते पांढरे व्रण प्रत्येकीचे वेगळे असतात. हजेरी झाली की त्या पडून राहतात. मग आपल्याकडे रात्रीचे अकरा-साडेअकरा होतात, तिथे दुपार चढते, नदीचं पाणी थोडं तापतं. एकेक पाठ हलायला लागते. घाई नाही, रांग नाही. झरा सोडून त्या नदीकडे निघतात, गवत खायला.

मी हेडफोन काढते आणि डबा उघडते. आज भाकरी, वांग्याची भाजी आणि थोडा भात. एसी २२ वर आहे.